केस कुठे तुटला? तुकड्यांवरून कारण शोधण्याच्या नोंदी

प्रकल्प: पार्लर प्रशिक्षण वर्गासाठी केस तुटण्याचे एकपानी तपासणी पत्रक. जागा: पुणे. काळ: जून ते ऑगस्ट.

३ जून. हद्द ठरवली

वर्गात येणारी तक्रार जवळजवळ नेहमी एकच असते: ‘केस फार गळतात.’ त्यातले गळलेले किती आणि तुटलेले किती, हे कुणी पाहत नाही. मग मधूनच तुटणाऱ्या केसाला मुळाचे तेल, मुळाचे औषध, मुळाचा मसाज सुरू होतो. पत्रकाचा पहिला रकाना याच फरकाला दिला.

गळलेल्या केसाच्या एका टोकाला टाचणीच्या माथ्याहून लहान पांढरी गुठळी असते. ती पाहून ‘मुळासकट उपटून आला’ असे वाटते, पण वाढ संपलेला केस असाच सुटतो. रोज ५० ते १०० केस असे जाणे नेहमीचेच आहे. तुटलेल्या तुकड्याला दोन्हीपैकी एकाही टोकाला गुठळी नसते. भांगाजवळ उभे राहणारे आखूड केसही तपासायचे: टोक निमुळते असेल तर तो नवा उगवलेला केस, बोथट किंवा पिंजलेले असेल तर तुटून राहिलेला.

दुसरा रकाना लांबीचा. हातात आलेला तुकडा नेहमी टोकाकडचा असतो. उरलेला भाग डोक्यावरच राहतो. म्हणून केसाची पूर्ण लांबी वजा तुकड्याची लांबी, म्हणजे त्वचेपासून किती अंतरावर तुटला ते. केस महिन्याला साधारण १ सेंमी वाढतो, त्यामुळे तेच अंतर त्या भागाचे वयही सांगते. ४५ सेंमीच्या केसाचा ३ सेंमी तुकडा पडला, तर तो ४२ सेंमीवर, म्हणजे साडेतीन वर्षे उन्हापाण्यात आणि कंगव्याखाली काढलेल्या जागी तुटला. तिथे तो झिजून तुटला, हे समजण्यासारखे आहे. त्याच केसाचा ३५ सेंमी तुकडा पडला तर झीज हे उत्तर पुरत नाही. काहीतरी विशिष्ट घडलेले असते.

५ जून. साहित्य

पांढरा आणि काळा कार्डपेपर, ३० सेंमीची स्टीलची पट्टी, १० पट मोठे दाखवणारे भिंग, शाळेत असतो तसा सूक्ष्मदर्शक, काचपट्ट्या, ग्लिसरीन, रंगहीन नेलपॉलिश, पीएच कागद (आम्ल-अल्कली मोजणारा: ७ च्या खाली आम्ल, वर अल्कली). काळ्या केसाला पांढरा कागद, रंगवलेल्या किंवा पिकलेल्या केसाला काळा.

नमुन्यासाठी कधीही रंग वा रसायन न लागलेले कापलेले केस घेतले. २० सेंमी लांब, प्रत्येकी २ ग्रॅमच्या बटा करून मुळाकडच्या बाजूला दोरा बांधला. बाजू चुकली तर सगळा प्रयोग फुकट: उलटसुलट मिसळलेल्या केसांच्या पृष्ठभागावरचे बारीक खवले एकमेकांत अडकतात आणि बट आपोआप गुंतते. मूळ कुठले ते कळत नसेल तर एकच केस अंगठा आणि तर्जनीत आडवा न धरता लांबीच्या दिशेने धरून चोळावा. तो मुळाच्या दिशेने सरकत जातो, कारण खवल्यांची तोंडे टोकाकडे असतात.

नेलपॉलिशचा ठसा: काचपट्टीवर पातळ थर, त्यावर केस ताणून ठेवायचा, थर चिकट पण न वाहणारा झाला की हलका दाब, पूर्ण सुकल्यावर केस सोलून काढायचा. थर ओला असताना ठेवला तर केस बुडतो आणि निघताना थर फाटतो. उशीर झाला तर ठसाच उमटत नाही. जूनच्या दमट हवेत पॉलिश सुकायला जास्त वेळ घेते, म्हणून घड्याळ बघून नव्हे, थराच्या कडेला बोट टेकवून ठरवावे. खवले बघायला ठसा, केसाच्या आतले बघायला ग्लिसरीन. ग्लिसरीनमध्ये पृष्ठभाग जवळजवळ दिसेनासा होतो आणि गाभा स्पष्ट होतो.

८ जून. एकाच केसाची दोन टोके

एका लांब केसाचे मुळाजवळचे, मधले आणि शेवटचे २ सेंमी असे तीन ठसे. मुळाजवळ खवले कौलांसारखे सलग, कडा गुळगुळीत. मध्यावर कडा कुरतडलेल्या. शेवटी बऱ्याच जागी खवले नाहीतच, आतले तंतू उघडे.

केसाची जाडी साधारण ५० ते १०० मायक्रॉन (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग). बाहेर खवल्यांचे ६ ते १० थर, प्रत्येक सुमारे अर्धा मायक्रॉन. ताकद आतल्या केराटिन या प्रथिनाच्या गाभ्यात असते, पण गाभा टिकतो तो या कौलांच्या जोरावर. खवल्यांवर जन्मतः एक अतिपातळ स्निग्ध थर असतो. ब्लीच किंवा तीव्र अल्कलीने तो गेला की परत येत नाही, आणि पुढची प्रत्येक फणी जास्त घासते. केस मृत असल्याने झालेली इजा भरून येत नाही. ‘केसाचे पोषण’ हा शब्द पत्रकात वापरायचा नाही असे ठरले. मुळाला पोषण असते. २० सेंमीवरच्या केसाला फक्त वंगण आणि आवरण देता येते.

१२ जून. ओला केस

भिजल्यावर केस पाण्याने स्वतःच्या वजनाच्या सुमारे ३० टक्के भरतो. जाडी १५ टक्क्यांच्या आसपास वाढते, लांबी जेमतेम १ ते २ टक्के. फुगलेल्या केसावर खवल्यांच्या कडा उचलल्या जातात आणि एका केसाचे दुसऱ्याशी घर्षण वाढते. शिवाय आतले हायड्रोजन बंध पाण्याने सुटतात, त्यामुळे केस कमी जोरात जास्त ताणला जातो.

तीन बटा, एकच कंगवा, प्रत्येकी ५० वेळा: एक कोरडी, एक नुसती ओली, एक ओली आणि कंडिशनर लावलेली. खाली कागद. नुसत्या ओल्या बटेखाली सर्वांत जास्त तुकडे, कंडिशनरवालीखाली सर्वांत कमी. हे सरळ आणि लहरी केसांचे झाले. घट्ट कुरळ्या केसांना हा नियम उलटा लागतो: ते कोरडे विंचरले तरच जास्त तुटतात, त्यांना ओले असताना, कंडिशनरमध्येच सोडवावे. पत्रकात दोन वेगळ्या ओळी.

पहिल्या फेरीतली चूक: कंगवा वरून सुरू झाला. वरून ओढला की वाटेतले सगळे छोटे गुंते खाली ढकलले जाऊन टोकाजवळ एक घट्ट गाठ बनते, आणि शेवटी ती गाठ नव्हे, केस सुटतो. फेरी रद्द. पुन्हा केली ती अशी: शेवटचे ५ सेंमी आधी, ते मोकळे झाले की ५ सेंमी वर, असे चढत जायचे, दुसऱ्या हाताने गुंत्याच्या वरची बट घट्ट धरायची, म्हणजे ताण मुळापर्यंत जात नाही. गाठ बसलीच तर तेलाचे किंवा कंडिशनरचे दोन थेंब, आणि कंगव्याच्या शेवटच्या एकाच दाताने ती उकलायची.

१५ जून. कंगवे

वर्गातले सगळे कंगवे एका टेबलावर. साच्यातून काढलेल्या स्वस्त प्लास्टिकच्या कंगव्याला प्रत्येक दातावर, साच्याच्या दोन पाकळ्या मिळतात तिथे, एक बारीक धार राहते. डोळ्यांना दिसत नाही. कापसाचा बोळा पिंजून दातांतून ओढावा: जिथे कापसाचे तंतू अडकून राहतील तिथे धार आहे. बरेचसे कंगवे या परीक्षेत बाद झाले, त्यात महागडेही होते. लाकडी कंगव्यात तंतू सुटलेला असला तर तोही कापूस धरतो. बारीक पॉलिशपेपरने घासून तेल लावल्यास चालतो.

गुंता काढायला दातांत ४ ते ५ मिमी अंतर हवे. बारीक फणी फक्त उवा-लिखांसाठी, तीही भरपूर कंडिशनर लावून. ब्रशच्या काड्यांची टोकावरची गोळी गेली असेल तर ब्रश टाकून द्यावा. केसाच्या काळ्या पिनांचेही तेच: टोकावरचे प्लास्टिक निघाले की उरते ती उघडी पत्र्याची धार.

१९ जून. पाणी, साबण, शिकेकाई

पीएच कागदाने मोजणी. अंगाच्या साबणाचा फेस ९ ते १०. केसाच्या पृष्ठभागाचा स्वतःचा तोल ३.७ च्या आसपास आहे. त्याहून जितके वर जावे तितका पृष्ठभागावर ऋण भार वाढतो, केस एकमेकांना ढकलतात, फुलारतात, घर्षण वाढते. शाम्पू साधारण ५.५ किंवा त्याखालचा असावा. बाटलीवर हा आकडा क्वचितच असतो. एक थेंब शाम्पू, दहा थेंब उकळून गार केलेले मऊ पाणी, आणि पट्टी, एवढ्यावर भागते.

शिकेकाईचा काढा किंचित आम्ल असतो, ही जमेची बाजू. पण बाजारातली भरड पूड थेट डोक्यावर चोळली तर ती घासपावडरीचे काम करते आणि कण बटांत अडकतात. मग ते काढायला पुन्हा विंचरणे. पूड वस्त्रगाळ करावी, किंवा शेंगा रात्री भिजवून, सकाळी उकळून, फडक्यातून गाळलेले पाणीच वापरावे. रिठ्याचे प्रमाण कमी ठेवावे, तो तेल फार ओढून नेतो.

कठीण पाणी: पिण्याच्या पाण्यासाठी भारतीय मानक आयएस १०५०० प्रमाणे कठीणपणाची इष्ट मर्यादा लिटरला २०० मिग्रॅ, आणि दुसरा स्रोत नसेल तर ६०० पर्यंत चालवून घेतात. धरणाचे मऊ पाणी आणि उपनगरातल्या सोसायटीच्या टँकरचे किंवा बोअरचे पाणी यांत केसाला जाणवणारा फरक आहे. बोअरच्या पाण्यात साबणाची न विरघळणारी साय बनते आणि खवल्यांवर बसते. केस मेणचट पण खरखरीत लागतो, कंगवा अडतो. अशा पाण्यात साबण पूर्ण बंद. शाम्पूची अशी साय होत नाही, पण कॅल्शियम केसावर बसतेच.

शेवटच्या पाण्यात व्हिनेगर घालण्याच्या सल्ल्यात एक गफलत सापडली. ‘लिटरला एक चमचा’ हे माप मऊ पाण्यात पीएच चारच्या खाली नेते. बोअरच्या पाण्यातले बायकार्बोनेट मात्र तेवढे आम्ल खाऊन टाकते आणि पट्टी फारशी हलतच नाही. म्हणून पत्रकात चमच्याचे माप दिले नाही: थोडे थोडे घालत पट्टी ४.५ ते ५ दाखवेपर्यंत. चारच्या खाली नको, त्वचा चुरचुरते. पट्टी नसेल तर व्हिनेगरच नको, कंडिशनर पुरे. कंडिशनर लावायचा मानेखालच्या लांबीला. त्यातले धनभारित घटक नेमके झिजलेल्या, ऋणभारित जागी चिकटतात, म्हणून मुळापाशी तो वाया जातो.

शाम्पू फक्त त्वचेला. लांबीला लावायचीच गरज नाही, धुताना खाली उतरणारा फेस पुरतो. सगळे केस डोक्यावर गोळा करून कपडे धुतल्यासारखे चोळणे म्हणजे गुंता हाताने तयार करणे.

२४ जून. खोबरेल

घरोघरी चालत आलेल्या गोष्टींपैकी ही टिकली. मुंबईतल्या मॅरिको कंपनीच्या संशोधकांनी २००३ मध्ये खोबरेल, सूर्यफूल तेल आणि खनिज तेल यांची तुलना प्रसिद्ध केली. धुण्याआधी किंवा नंतर लावल्यावर केसातून प्रथिन कमी निघून जाणे हे फक्त खोबरेलात दिसले. कंपनी स्वतः खोबरेल विकते हे ध्यानात ठेवावे, पण कारण रसायनात सापडते. खोबरेलात लॉरिक आम्लाचे प्रमाण मोठे, रेणू लहान आणि सरळ, म्हणून तो केसात शिरतो. आत तेल असले की धुताना केस कमी फुगतो. ‘चिकट नसलेली’ बरीच तेले मुख्यतः खनिज तेलाची असतात. ती वरून वंगण देतात, आत जात नाहीत. तेही उपयोगी, पण काम वेगळे.

माप: खांद्यापर्यंतच्या केसांना १ ते २ चहाचे चमचे, कमरेपर्यंत ३. तळहाताला चोळून मधल्या लांबीपासून टोकांपर्यंत, रात्री किंवा धुण्याआधी काही तास. थापून लावले तर काढायला दोनदा शाम्पू लागतो आणि मिळवलेले सगळे जाते. डोक्यावर बोटे गोल गोल फिरवून मालीश केली की मुळाशी घरट्यासारखा गुंता होतो. बोटे एका जागी टेकवून त्वचा हलवावी, केस नव्हे. हिवाळ्यात २४-२५ अंशांखाली तेल थिजते. बाटली गरम पाण्यात ठेवावी, तेल गॅसवर उकळवू नये. तेल लावलेल्या केसावर स्ट्रेटनर कधीच नाही.

२ जुलै. पावसाळा आणि पंचा

केस वाळत नाहीत, म्हणून दोन वाईट वाटा निघतात. एक, ओल्याचीच वेणी. फुगलेला केस बांधला की सगळा ताण रबरापाशी येतो. दुसरी, वाकून, पंच्याला पीळ देऊन केस झटकणे. आवाज छान येतो, पाणी उडते, आणि त्याबरोबर टोकेही उडतात. झटकल्यावर जमिनीवर कागद ठेवून पाहिले: सगळे तुकडे आखूड, २-४ सेंमीचे, एकालाही गुठळी नाही.

करायचे ते असे: बट मुठीत दाबून पाणी निथळवणे, मग जुना सुती पंचा किंवा मऊ टीशर्ट गुंडाळून १० मिनिटे, मधे एकदा कोरडी बाजू. जाड टर्किश टॉवेलचे फासे झिजलेल्या टोकांना धरतात. धूप देण्याची जुनी पद्धत उबेपुरती ठीक. निखाऱ्याच्या अगदी जवळ केस नेला की तो कोरडा ठिसूळ होतो.

ड्रायरवर वर्गात दोन तट होते. कोरियातल्या संशोधकांचे २०११ मधले काम इथे कामी आले: १५ सेंमीवरून, सतत हलता ठेवून, केसापाशी सुमारे ४७ अंशांवर वाळवलेल्या केसाचे नुकसान, ५ सेंमीवरून ९५ अंशांवर वाळवलेल्यापेक्षा बरेच कमी होते. आणि आपोआप वाळलेल्या केसात, जास्त काळ ओला राहिल्याने, पेशींना जोडणारा आतला थर बिघडलेला दिसला. म्हणजे ‘आपोआप वाळवणे नेहमीच चांगले’ हेही खरे नाही. पट्टीने १५ सेंमी मोजून दाखवल्यावर बहुतेकांना ते फार लांब वाटले.

९ जुलै. स्ट्रेटनर, बुडबुडे

हा दिवस सर्वांत बोलका. एक बट भिजवून नुसती टिपली आणि १८० अंशांच्या स्ट्रेटनरमध्ये धरली. चर्र आवाज, वाफ. ग्लिसरीनमध्ये पाहिल्यावर गाभ्यात ओळीने पोकळ्या, जाळीदार पावासारख्या. आतल्या पाण्याची एका क्षणात वाफ झाली आणि तिने केस आतून फुगवला. अशा जागी केस किंचित जाड दिसतो आणि वाकवताच मोडतो. कोरड्या बटेत त्याच तापमानाला हे दिसले नाही.

आकडे: ओल्या केसातले केराटिन १५० अंशांच्या आसपास बिघडते, कोरड्यातले २३० च्या आसपास. म्हणजे एकच यंत्र, एकच आकडा, पण पाण्यामुळे सुरक्षितपणाची मर्यादा ८० अंशांनी खाली येते. कर्लिंगची सळई १२५ अंशांवर मिनिटभर धरली तरी बुडबुडे होतात, हे नोंदलेले आहे. तापमानाइतकाच वेळही महत्त्वाचा.

पत्रकासाठी: केस पूर्ण कोरडा (हाताला गार लागला तर ओल आहे), बारीक केसाला १५० अंश, जाड केसाला १८० पर्यंत, एका बटेवर एकच सरळ फेर, थांबायचे नाही. बट २-३ सेंमीहून रुंद घेतली की मधल्या केसांना उष्णता पोचत नाही आणि मग पुन्हा पुन्हा फिरवावे लागते. नुकसान तिथे होते. उष्णतारोधक फवारा मारला तर तोही वाळू द्यायचा.

ओळखायचे कसे: समोरच्या, चेहऱ्याजवळच्या बटांत एकाच उंचीवर तुटलेली बोथट, खरखरीत टोके. मागे काही नाही. कारण समोरच्याच बटा रोज ‘जरा नीट’ केल्या जातात.

१५ जुलै. रसायने

रीबाँडिंगचे, म्हणजे रसायनाने केस कायमचे सरळ करण्याचे, सूत्र एका ओळीत: अल्कलीयुक्त थायोग्लायकोलेटने गंधकाचे बंध तोडायचे, केस सरळ ठेवायचा, पेरॉक्साइडने बंध पुन्हा जोडायचे. सगळे पुन्हा जोडले जात नाहीत. तेच द्रव्य जुन्या, एकदा केलेल्या भागावर परत गेले की तिथे केस दोरीसारखा लिबलिबीत होतो. इथे लांबीचे गणित अचूक बसते: सहा महिन्यांपूर्वी काम झाले असेल तर सीमा त्वचेपासून ६ सेंमीवर, आणि केस नेमके तिथे तुटतात. तुकडे लांब, म्हणून घबराट मोठी. टचअप फक्त नव्या ६ सेंमीला, जुन्या भागावर आधी जाड कंडिशनरचा थर, आणि सीमेच्या अर्धा सेंमी अलीकडे थांबायचे. द्रव्य स्वतःच पसरते. सोडियम हायड्रॉक्साइडने सरळ केलेल्या केसावर थायोग्लायकोलेट अजिबात नाही, कितीही महिने गेले असले तरी. तो भाग वाढून कापला जाईपर्यंत थांबावे.

काम घेण्याआधी ताणपरीक्षा: एक ओला केस, १० सेंमी अंतरावर दोन चिमटीत, हळू ओढायचा. चांगला केस १३ सेंमीपर्यंत जातो आणि सोडल्यावर पाण्यात परत येतो. ताणला जाऊन तसाच राहिला तर बंध गेलेले आहेत, रसायन नको. न ताणता तटकन तुटला तरीही नको. डोक्याच्या चार जागांचे केस घ्यावेत. समोरचा एकच केस घेऊन निर्णय केला तर फसगत होते.

मेंदी. शुद्ध मेंदीचा रंग केराटिनला धरतो आणि केस थोडा ताठ होतो. तुटणे येते ते लेप वाळून खडा झाल्यावर ओरबाडून काढल्याने. वस्त्रगाळ मेंदी, वर प्लास्टिकची टोपी, ओलसर असतानाच भरपूर पाण्याने धुणे, त्या दिवशी कंगवा नाही. ‘काळी मेंदी’ म्हणून विकल्या जाणाऱ्या पुड्यांत धातूचे क्षार असू शकतात आणि त्यावर पेरॉक्साइड पडला की केस तापतो. परीक्षा: काचेच्या भांड्यात ३० मिलि, ६ टक्क्यांचा पेरॉक्साइड, २८ टक्के अमोनियाचे २० थेंब, त्यात कापलेली छोटी बट ३० मिनिटे. भांडे गरम झाले, फेस आला किंवा रंग झपाट्याने बदलला तर त्या डोक्यावर रंग, ब्लीच काही नाही. खिडकी उघडी, हातमोजे, भांडे धातूचे नको. वर्गात ही परीक्षा कुणी करत नव्हते. आता पत्रकात ठळक.

२२ जुलै. रबर, स्कार्फ, हेल्मेट

पुण्यातल्या दुचाकीवाल्या मुलींच्या डोक्यावर दोन खुणा नेहमीच्या. पोनीटेलच्या रबराच्या जागी संपणाऱ्या तुटक्या केसांचे वर्तुळ: सोडून पाहिले तर प्रत्येक केसाची उरलेली लांबी वेगळी, पण सगळे रबरापर्यंतच पोचतात. आणि मानेवर, स्कार्फची गाठ घासते तिथे, पिंजलेला गुंता.

कागदपत्रांना लावायचे नागडे रबर केसाला चिकटते आणि काढताना खवले सोबत नेते. कापड गुंडाळलेले, धातूच्या जोडाशिवायचे वापरावे. रोज उंची बदलावी. काढताना ओढू नये, उलगडावे. हेल्मेटखाली उंच पोनी किंवा अंबाडा नको, मानेशी सैल वेणी ठेवून ती आत घ्यावी. स्कार्फ खरखरीत असेल तर त्याखाली गुळगुळीत कापडाची एक पट्टी. गजरा माळताना आकडा वेणीच्या पेडातून आडवा सरकवावा, केसात वरून खुपसू नये. पाठीवरच्या सॅकचा पट्टा मोकळ्या केसांवर येतो, हेही विचारायचे. एकाच बाजूचे केस आखूड असतील तर बहुधा तोच.

२९ जुलै. पांढरे ठिपके

केसावर पांढरा ठिपका दिसला की कोंडा किंवा लिख म्हटले जाते. भिंगाखाली वेगळे पडतात. बोटांनी सहज सरकणारी नळी: त्वचेच्या पापुद्र्याची. एका बाजूला घट्ट चिकटलेला थेंब: लिख. केसातच झालेली गाठ, जिथे तंतू फुटून दोन झाडूंची तोंडे एकमेकांत खुपसल्यासारखे दिसतात: हे तुटण्याचे पूर्वरूप. वैद्यकात याला ट्रायकोरेक्सिस नोडोसा म्हणतात आणि केसाच्या दांड्याच्या दोषांत हाच सर्वांत जास्त आढळतो. चिमटीत वाकवला की तिथेच तुटतो. कारण बहुधा वरचेच: घासणे, उष्णता, रसायन.

चौथा प्रकार पावसाळ्यातला: केसाभोवती मऊ, पांढुरकी, ओघळलेल्या मेणासारखी बाही. ओले केस बांधून झाकून ठेवणाऱ्यांत दिसणारी बुरशी, पांढरा पायड्रा. पार्लरचे काम नाही. त्वचारोगतज्ज्ञाकडे, आणि तो कंगवा वेगळा.

५ ऑगस्ट. कुठे थांबायचे

डॉक्टरांकडे पाठवायचे: नाण्याएवढी चकती, त्वचेला लागून तुटलेले काळे ठिपके आणि खवले (मुलांत गजकर्ण), मुळाशी बारीक आणि वर जाड होत जाणारे आखूड केस (चाई), जन्मापासून वाढतच नसलेले, स्पर्शाने तुटणारे केस, एकाच भागात वेगवेगळ्या लांबीचे तुटके केस, जे ओढण्याच्या सवयीने होतात. शेवटच्या बाबतीत चारचौघांत विचारू नये.

१२ ऑगस्ट. फाटे आणि ‘वाढतच नाहीत’

फाटा टोकाला फुटतो आणि वर चढतो. सीरम ते तात्पुरते चिकटवते, पुढच्या धुण्यात सुटते. फाट्याच्या वर १ सेंमी सोडून कापावे. अगदी फाट्यालगत कापले तर आत चढलेली, अजून न दिसणारी भेग शिल्लक राहते. कात्री केसाचीच हवी. ओल्या टिश्यूपेपरवर चालवून पाहावी: कापण्याऐवजी दुमडला तर धार गेली आहे, आणि बोथट कात्री केस चेंगरून नवा फाटा तयार करते.

‘केस वाढतच नाहीत’ या तक्रारीचा हिशेब पत्रकाच्या मागच्या बाजूला घेतला. महिन्याला १ सेंमी येतो. टोकाकडून महिन्याला १ सेंमी तुटत असेल तर लांबी वर्षभर तीच. मुळाशी रंग लावून दोन महिन्यांनी पांढरी पट्टी मोजली की वाढ चालू असल्याचे समोरच दिसते. अशा डोक्याला वाढीचे तेल विकणे चूक. दर दहा-बारा आठवड्यांनी १ सेंमी कापून बाकीचे तुटणे थांबवले तर लांबी दिसायला लागते.

२६ ऑगस्ट. पत्रक, दुसरा मसुदा

लांबीच्या रकान्यात एक भोक सापडले: लेयर कट. वरचे थर मुळातच आखूड, त्यामुळे ‘पूर्ण लांबी वजा तुकडा’ चुकीचे उत्तर देते. उपाय: त्या डोक्यावर तुकडे मोजायचे नाहीत, चार जागी बट उचलून उरलेल्या तुटक्या केसांचे त्वचेपासूनचे अंतर थेट पट्टीने घ्यायचे. रकान्याला ‘लेयर आहे / नाही’ अशी चौकट जोडली.

दुसरी दुरुस्ती गोळा करण्याच्या पद्धतीत. उशीवरचे, न्हाणीघराच्या जाळीवरचे आणि कंगव्यातले केस एकाच पाकिटात येत होते. जाळीत पाण्याबरोबर आखूड तुकडे निसटून जातात आणि लांब गळलेले केसच अडकतात, त्यामुळे गळणे खोटेच जास्त दिसते. आता तीन पाकिटे, जाळीवर सुती फडके, आणि धुण्याचा दिवस पाकिटावर लिहायचा. न धुतलेल्या दिवशीच्या पाकिटाची धुतलेल्या दिवसाशी तुलना नको. दोन धुण्यांमधले सुटलेले केस एकदमच येतात.

पत्रकाच्या ४० प्रती काढल्या. पीएच पट्ट्यांची एक डबी दमटपणाने बाद झाली आहे. नवी डबी तांदूळ घातलेल्या हवाबंद बरणीत ठेवायची.